राघची सुईण: बदख्शानमधल्या एका तालुक्याचं प्रकरण

२००२ साली अफगाणिस्तानातल्या चार भागांत घरोघर फिरून एकच गोष्ट विचारली गेली. गेल्या काही वर्षांत या घरातली बाळंतपणाच्या वयाची कुणी बाई गेली का, आणि गेली असेल तर कशाने? अमेरिकेचं रोगनियंत्रण केंद्र, युनिसेफ आणि अफगाण आरोग्य मंत्रालयाने केलेली ही पाहणी २००५ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात छापून आली. दर लाख जिवंत जन्मांमागे मातामृत्यू काबूल शहरात ४१८ निघाले, लघमानमधल्या अलिशांगमध्ये ७७४, कंदाहारमधल्या मैवंदमध्ये २,१८२ आणि बदख्शानमधल्या राघमध्ये ६,५०७. राघचा आकडा तोवर जगात कुठेही नोंदला गेलेला सर्वांत मोठा होता. अंदाज यावा म्हणून सांगायचं तर महाराष्ट्राचा २०१८-२० चा आकडा ३३ आहे.

६,५०७ म्हणजे दर पंधरा-सोळा जन्मांमागे एक आई. एकेका बाईची सहा-सात बाळंतपणं होत असलेल्या समाजात याचा अर्थ काय होतो, तो ज्याचा त्याने लावावा. २०११ मध्ये राघमध्ये पुन्हा मोजणी झाली तेव्हा आकडा ७१३ आला. एवढ्या छोट्या तालुक्यातल्या आकड्यांत खाली-वर होण्याला बरीच जागा असते, म्हणून ‘इतके टक्के घट’ असं छातीठोक सांगण्यात अर्थ नाही. पण हजारांतला आकडा शेकड्यांत आला, हे नक्की.

अफगाण बायकांच्या सोशिकतेबद्दल बरंच गहिवरून लिहिलं जातं. राघमध्ये बाया सोशिक होत्याच, त्या २००२ मध्येही होत्या, आणि तरी मरत होत्या. पुढच्या नऊ वर्षांत बदललं ते वेगळंच होतं: कोणत्या मुलीला शिकवायचं, शिकताना तिचं तान्हं कुठे ठेवायचं, तिच्या नवऱ्याला कोणतं काम द्यायचं, इंजेक्शन कशात गार ठेवायचं याचा हिशेब कुणीतरी बसून केला. २ डिसेंबर २०२४ ला तालिबानने मुलींचं वैद्यकीय शिक्षण बंद केलं, तेव्हापासून तोच हिशेब उलटा फिरू लागला आहे. म्हणून हे प्रकरण या हिशेबाच्या बाजूनेच मांडलं आहे.

किती तास हातात असतात

राघ हा बदख्शानच्या डोंगरातला, ताजिकिस्तानच्या सीमेकडचा भाग. पुढे त्याचे यावान, रागिस्तान आणि कोहिस्तान असे तुकडे झाले. प्रांताचं मुख्य ठिकाण फैजाबाद. तिथवर जायचं तर जीप जाते तिथपर्यंत जीप, मग गाढव किंवा घोडा, आणि बाई चालण्या-बसण्याच्या स्थितीत नसेल तर खाटेला दांडे बांधून चार जणांच्या खांद्यावर. थंडीत बर्फाने वाट बंद झाली की तेही नाही.

अशा ठिकाणी कोणत्या आजारात किती वेळ हातात असतो, ही पहिली गोष्ट. प्रसूतिशास्त्रात यासाठी एक ढोबळ कोष्टक वापरतात. उपचार झाला नाही तर बाळंतपणानंतरच्या रक्तस्रावात बाई साधारण २ तासांत जाते. बाळंतपणाआधीच्या रक्तस्रावात १२ तास मिळतात, गर्भपिशवी फाटली तर १ दिवस, झटके आले तर २ दिवस, बाळंतपण अडलं तर ३ दिवस आणि जंतुसंसर्ग झाला तर ६ दिवस. ही सरासरी आहे. आधीपासून रक्त कमी असलेल्या बाईला दोन तासही मिळत नाहीत, आणि अफगाण खेड्यात रक्त कमी असणं हेच नेहमीचं. जेवण म्हणजे नान आणि त्यासोबत चहा. चहा अन्नातलं लोह शोषू देत नाही. त्यात पाठोपाठची बाळंतपणं. धडधाकट बाईला अर्धा लिटर रक्त गेल्याने चक्कर येते, हिमोग्लोबिन ६-७ वर असलेल्या बाईचा त्यात जीव जातो.

या कोष्टकातून पुढची सगळी रचना निघते. अडलेली बाळंतीण तीन दिवसांत खाटेवरून फैजाबादला पोचू शकते, निदान उन्हाळ्यात. वार (नाळेला जोडलेला गोळा) पडल्यावर गर्भपिशवी आवळलीच नाही तर फैजाबाद असून नसल्यासारखं. भरल्या दिवसांच्या पिशवीतून मिनिटाला अर्धा लिटरहून जास्त रक्त फिरत असतं. पिशवी सैल राहिली की ते सरळ बाहेर येऊ लागतं. दोन्ही हातांनी पिशवी दाबून धरणं हा तातडीचा उपाय, पण तो गाढवावर करता येत नाही. थोडक्यात, रक्तस्रावावरचा इलाज गावातच हवा, झटक्यांवरचा निदान पहिला डोस गावाजवळ हवा, आणि शस्त्रक्रियेसाठी वाट हवी. डॉक्टर गावोगाव बसवणं कुणाच्याच आवाक्यात नव्हतं. एक शिकलेली सुईण बसवणं आवाक्यात होतं.

आणि ती बाईच असायला हवी होती. परका पुरुष बाळंतिणीला तपासणार, हे तालिबान असो वा नसो, राघमधल्या घरांना चालणारं नव्हतं. मराठी वाचकाला हे नवं नाही. फेब्रुवारी १८८३ मध्ये बंगालमधल्या श्रीरामपूर कॉलेजात बोलताना आनंदीबाई जोशी यांनी अमेरिकेला जाण्याचं कारण हेच दिलं होतं: इथे बाई डॉक्टरांची गरज आहे. तेव्हा आपल्याकडच्या बायका पुरुष डॉक्टरपुढे आजार सांगत नव्हत्या.

सुईण घडवण्याचा कारखाना

२००२ मध्ये अख्ख्या अफगाणिस्तानात शिकलेल्या सुईणी होत्या ४६७. पहिल्या तालिबान राजवटीत प्रशिक्षण जवळपास थांबलं होतं, त्याचा हा परिणाम. ज्या होत्या त्या शहरांत. त्यांना राघला पाठवणं अशक्य होतं, आणि पाठवलं तरी त्या टिकल्या नसत्या. म्हणून उलट्या टोकाने सुरुवात झाली. शहरातली सुईण गावात नेण्याऐवजी गावातली मुलगी शहरात आणायची, शिकवायची आणि तिच्याच गावी परत पाठवायची. याला सामुदायिक सुईण प्रशिक्षण म्हणत. बदख्शान हा ते सुरू झालेल्या पहिल्या प्रांतांपैकी एक. अभ्यासक्रम आधी १८ महिन्यांचा होता, नंतर २४ महिन्यांचा झाला.

निवड गावाच्या शूरेकडून, म्हणजे गावातल्या वडीलधाऱ्यांच्या पंचायतीकडून. कागदावर ही औपचारिकता वाटते, पण सगळं पुढचं तिच्यावर अवलंबून असे. शूरेने नाव दिलेली मुलगी परत आली तर तिच्याकडे बाळंतिणी येतात. बाहेरून निवडलेली आली तर ‘ही कोण’ म्हणून वर्षभर कुणी दार उघडत नाही. शिक्षणाची अट सुरुवातीला नववीपर्यंतची होती. ज्या तालुक्यात मुलींची शाळाच नव्हती तिथे नववी झालेली मुलगी आणायची कुठून, हा प्रश्न दरवर्षी यायचा, आणि अट थोडी सैल करायची की जागा रिकामी ठेवायची यावर दरवर्षी वाद व्हायचे.

निवडलेल्या बहुतेक जणी लग्न झालेल्या, कडेवर मूल असलेल्या. म्हणून वसतिगृहाला लागून पाळणाघर. हा खर्च वरवरचा समजून कापला की तुकडी अर्धी रिकामी होते, कारण सासू म्हणते, ‘मूल माझ्यावर टाकून चाललीस कुठे?’ मुलीसोबत महरम, म्हणजे नवरा, बाप, भाऊ यांपैकी कुणीतरी घरचा पुरुष, फैजाबादपर्यंत येणार, मधूनमधून भेटायला येणार, त्याचा प्रवासखर्च धरायचा. शिकून परत गेल्यावर तिला रात्री-अपरात्री एकटीने केंद्रात कसं थांबता येईल? यावर निघालेला तोडगा साधा होता. नवऱ्याला त्याच केंद्रात चौकीदार किंवा लस टोचणारा म्हणून घ्यायचं. घरात दोन पगार येतात, महरमचा प्रश्न मिटतो, आणि नवऱ्याला बायकोच्या नोकरीत स्वतःचा फायदा दिसतो. समाजसुधारणेची भाषणं जिथे चालत नाहीत तिथे असले तोडगे चालतात.

२०१० पर्यंत सुईणींची संख्या अडीच हजारांच्या आसपास गेली. त्यांना बसवण्याची जागाही आखलेली होती. २००३ च्या मूलभूत आरोग्यसेवेच्या आराखड्यात गावपातळीवर १००-१५० कुटुंबांमागे एक पुरुष आणि एक बाई असे दोन बिनपगारी आरोग्यसेवक होते. आपल्याकडच्या आशाताईंचं काम बरंचसं या बाईकडे. त्याच्या वर १५ ते ३० हजार लोकांमागे मूलभूत केंद्र, आणि या केंद्रात सुईण. त्याच्या वर मोठं केंद्र, मग जिल्हा रुग्णालय, जिथे पोट फाडून मूल काढता येतं आणि रक्त चढवता येतं. अगदी आडवाटेच्या वस्त्यांसाठी पुढे संयुक्त राष्ट्रांच्या लोकसंख्या निधीने ‘कुटुंब आरोग्य घरं’ काढली. दीड ते चार हजार वस्तीमागे एक घर, त्यात त्याच वस्तीतली एक सुईण.

एका बाळंतपणात ती नेमकं काय करते

कळा सुरू झालेली बाई केंद्रात आली की आधी पोटावर हात ठेवून मूल उभं, आडवं की पायाळू ते पाहायचं आणि ठोके मोजायचे. गर्भपिशवीचं तोंड ४ सेंटिमीटर उघडलं की आलेखपट्टी, म्हणजे बाळंतपणाची चाल नोंदवण्याचा कागद, सुरू. दर चार तासांनी तपासणी, दर अर्ध्या तासाने बाळाचे ठोके. तोंड तासाला १ सेंटिमीटर उघडायला हवं. आलेखावर एक सावधरेषा असते आणि तिच्या उजवीकडे चार तासांवर कृतीरेषा. रेषा ओलांडायच्या आत निर्णय घ्यायचा, हे शिकवताना पुन्हा पुन्हा सांगितलं जातं, कारण डोंगरात कृतीरेषेला हात लावेपर्यंत थांबणं म्हणजे उशीर. राघसारख्या ठिकाणी सावधरेषा ओलांडली की माणसं आणि खाट जमवायला सांगायचं. वाट सहा तासांची असेल तर ते सहा तास आधीच वजा करून चालावं लागतं.

मूल बाहेर आलं की पहिल्या मिनिटात दोन गोष्टी. ते रडत नसेल तर पुसून, चोळून, तरीही नाही तर पिशवी-मुखवट्याने हवा. आणि आईच्या मांडीत ऑक्सिटोसिनचं १० युनिटचं इंजेक्शन. त्याआधी पोटावर हात फिरवून आत दुसरं मूल नाही ना, ते बघायचंच. मग पिशवी आवळली की एका हाताने ओटीपोटावरून पिशवीला वर आधार देत दुसऱ्या हाताने नाळ हळू, सतत ओढायची. हा जोर किती, हे पुस्तकात लिहिता येत नाही. आधार न देता ओढलं तर पिशवी उलटी होऊन बाहेर येते, जोर जास्त झाला तर नाळ तुटते आणि वार आत राहते. वार आली की ती परातीत ठेवून पूर्ण आहे का ते पाहायचं. तिची आईकडची बाजू कोबीच्या पानासारखी खंडाखंडांची असते, त्यातला एखादा खंड कमी दिसला तर तो आत आहे असं समजायचं. मग पिशवी दगडासारखी घट्ट लागेपर्यंत चोळायची, आणि पहिले दोन तास दर पंधरा मिनिटांनी हात लावून पाहायचं.

ऑक्सिटोसिन २ ते ८ अंशांत ठेवावं लागतं. ज्या केंद्रात वीज नाही तिथे ते लसींच्या सौरफ्रिजमध्ये जातं. लसींचा हिशेब वेगळ्या खात्याकडे असेल तर लस टोचणारा म्हणतो, ‘माझ्या फ्रिजमध्ये दुसरं काही नको’. असल्या भांडणात इंजेक्शन कपाटात पडून राहतं आणि निकामी होतं. निकामी झालेलं इंजेक्शन दिसायला तसंच असतं. सुईण नियमाप्रमाणे टोचते, पिशवी सैलच राहते, आणि दोष तिच्या नावावर लागतो.

म्हणून घरच्या बाळंतपणांसाठी मिसोप्रोस्टॉलच्या गोळ्या. २०० मायक्रोग्रॅमच्या तीन, मूल झाल्याबरोबर तोंडाने. गार ठेवायला नकोत, फक्त ओल लागू द्यायची नाही, म्हणून पाकीट आधी फोडायचं नाही. गावातली आरोग्यसेविका आठव्या महिन्यात घरी जाऊन त्या देते आणि सासूसमोर समजावते. सासूसमोर का, तर रात्री निर्णय तीच घेणार असते. इथला खरा धोका एकच: मूल व्हायच्या आधी, ‘कळा वाढतील’ म्हणून गोळ्या घेतल्या तर पिशवी फाटू शकते. अफगाणिस्तानात याची चाचणी घेतली गेली तेव्हा निरक्षर बायकांनीही गोळ्या बरोबर वेळी घेतल्या. बायका चुकतील ही भीती तज्ज्ञांनाच जास्त होती.

झटक्यांसाठी मॅग्नेशियम सल्फेट. ४ ग्रॅम शिरेतून सावकाश, ५-५ ग्रॅम दोन्ही कुल्ल्यांत, एकूण १४ ग्रॅम. पुढचा ५ ग्रॅमचा डोस चार तासांनी. त्याआधी गुडघ्याखाली टिचकी मारल्यावर पाय उडतो का, श्वास मिनिटाला १६ च्या खाली गेला नाही ना आणि लघवी पुरेशी होते आहे ना, हे पाहायचं. डोंगरातल्या सुईणीच्या दृष्टीने हे १४ ग्रॅम म्हणजे चार तासांची सवलत. वाट त्याहून लांब असेल तर सोबत जाऊन वाटेतच पुढचा डोस द्यावा लागतो. सोबत जायचं तर तिलाही महरम हवा. इथून प्रकरण वैद्यकाच्या हातातून निसटतं.

हुकूम

१५ ऑगस्ट २०२१ ला काबूल पडलं. महिनाभरात सहावीच्या वरच्या मुलींच्या शाळा बंद झाल्या. २३ मार्च २०२२ ला त्या उघडल्या आणि काही तासांत पुन्हा बंद केल्या. २० डिसेंबर २०२२ ला विद्यापीठं बंद. चार दिवसांनी स्वयंसेवी संस्थांत बायकांना काम करायला बंदी. आरोग्याच्या कामाला त्यातून सूट मिळाली, तीही बोलाचाली होऊन. बायकांनी ७२ किलोमीटरच्या पुढे महरमशिवाय प्रवास करायचा नाही, हा फतवा डिसेंबर २०२१ चा.

या सगळ्यात सुईण हा पेशा उरला होता. तालिबानलाही तो लागत होता, कारण बायकांनीच बायकांना तपासावं हा त्यांचाच आग्रह. फेब्रुवारी २०२४ मध्ये तर काही प्रांतांत बारावी झालेल्या मुलींना वैद्यकीय संस्थांमध्ये प्रवेश द्यायला परवानगी मिळाली. दुसरा कुठलाच रस्ता नसल्याने डॉक्टर, वकील, शिक्षिका व्हायला निघालेल्या मुलीही सुईणीच्या आणि परिचर्येच्या अभ्यासक्रमाला आल्या. म्हणून सुमारे १७ हजार मुली या संस्थांमध्ये शिकत होत्या, तेव्हा २ डिसेंबर २०२४ ला काबूलमध्ये संस्थाचालकांना बोलावून सांगितलं गेलं: उद्यापासून मुलींनी यायचं नाही. लेखी काही नाही, तोंडी. लेखी नसल्याने विरोध कशाला करायचा, अपील कुठे करायचं, काही कळायला मार्ग नाही. दोन दिवसांत क्रिकेटपटू रशीद खान आणि मोहम्मद नबी यांनी उघडपणे बंदी मागे घ्या म्हटलं. रशीदने बाई डॉक्टर आणि परिचारिकांच्या तुटवड्याचा मुद्दा मांडला. बंदी राहिली.

या हुकमातला विरोधाभास इतका उघड आहे की तो पुन्हा सांगायचा कंटाळा येतो: पुरुषाने बाईला तपासायचं नाही आणि बाईने शिकायचं नाही. पण हुकूम काढणाऱ्यांचा हिशेब चुकला असं समजणंही भाबडेपणाचं. घरात सुईण असलेल्या कुटुंबांना, शहरातल्या सुखवस्तू घरांना, शेजारच्या देशात जाऊ शकणाऱ्यांना त्याची झळ उशिरा लागेल. राघला आधी लागेल.

पैशाची बाजू वेगळी. ऑगस्ट २०२१ पर्यंत २,३०० च्या वर आरोग्यकेंद्रांचा खर्च जागतिक बँकेच्या मार्गाने येत असे, तो एका रात्रीत गोठला. कित्येक केंद्रांत महिनोन्महिने पगार नव्हते आणि सुईणी तरीही कामावर येत होत्या. नंतर युनिसेफ, जागतिक आरोग्य संघटना आणि लोकसंख्या निधीने भार उचलला. २०२५ च्या सुरुवातीला अमेरिकेने मदत थांबवली तशी मार्चच्या आरंभापर्यंत १६७ केंद्रं बंद झाली होती. लोकसंख्या निधीने तेव्हा असा अंदाज दिला होता की २०२५ ते २०२८ या काळात अमेरिकेचा पैसा आला नाही तर अफगाणिस्तानात १,२०० जास्तीच्या बाळंतिणी मरतील. बंदीबद्दल बोलणारे बरेच जण पैशाबद्दल गप्प असतात. राघच्या सुईणीच्या दृष्टीने दोन्ही गोष्टी काही महिन्यांच्या आत एकापाठोपाठ आल्या.

आता साखळी कुठे तुटते

सगळीकडे एकाच वेळी तुटत नाही, म्हणून बाहेरून ‘काम चालू आहे’ असं दिसतं. शिकलेल्या सुईणी कामावर आहेत, त्यांना बंदी नाही. नेहमीचं बाळंतपण आजही नीट होतं. ताण पडतो तो असा.

पहिला ताण पाठवणीवर. आलेख सावधरेषेपलीकडे गेला, बाई फैजाबादला हलवायची, नवरा इराणमध्ये मजुरीला, सासरा खाटेला खिळलेला. महरम कोण? दीर चालेल का, यावर चर्चेत दोन तास जातात. पूर्वीही घरचे परवानगीत वेळ घालवत, पण तो घरचा वेळ होता. आता वाटेतल्या नाक्यावर काय होईल, गाडीवाला घेईल का, ही भीती त्यात मिसळते, आणि नाक्यागणिक नियम बदलतो. हेरातच्या प्रादेशिक रुग्णालयात ५ नोव्हेंबर २०२५ पासून बायकांना बुरख्याशिवाय आत सोडेनात, असं तिथे काम करणाऱ्या ‘सीमारहित डॉक्टर’ संस्थेने सांगितलं, आणि पहिल्या काही दिवसांत तातडीच्या रुग्णांची भरती २८ टक्क्यांनी घटल्याचंही. सरकारने इन्कार केला. हेरात शहर आहे, तिथे कुणीतरी मोजलं. डोंगरात मोजायला कुणी नाही.

दुसरा ताण संकटाच्या वेळी दिसतो. ३१ ऑगस्ट २०२५ च्या रात्री पूर्वेकडच्या कुनार प्रांतात ६.० तीव्रतेचा भूकंप झाला, २,२०० च्या वर माणसं गेली. जागतिक आरोग्य संघटनेच्या मुक्ता शर्मा यांनी तेव्हा सांगितलं की त्या भागात वैद्यकीय कर्मचाऱ्यांपैकी सुमारे ९० टक्के पुरुष आहेत, आणि उरलेल्या १० टक्क्यांतही बहुतेक डॉक्टर नव्हेत, सुईणी आणि परिचारिका. म्हणजे ढिगाऱ्यातून काढलेल्या बाईची मोडलेली हाडं आणि फुटलेलं डोकं तपासायला जी बाई हाताशी होती ती बाळंतपणं करणारी. संघटनेने आरोग्यसेविकांवरची महरमची अट शिथिल करा अशी मागणी केली.

तिसरा ताण हळू आहे आणि सगळ्यात खोल. शिकणाऱ्या मुलींची रांग. २०२१ मध्ये जी मुलगी सहावीत होती ती बंदी नसती तर २०२७ मध्ये बारावी झाली असती आणि २०२९ मध्ये सुईण. म्हणजे २ डिसेंबर २०२४ चा हुकूम उद्या मागे घेतला तरी आधीच्या तुकड्या संपल्या की पुरेसं शिकलेली नवी मुलगी मिळणार नाही. मुलींच्या शाळा उघडतील त्या दिवसापासून पाच ते आठ वर्षं मोजायला सुरुवात होईल. देशाला आणखी १८ हजार सुईणी हव्यात, असा अंदाज बंदीच्या वेळी सांगितला जात होता.

जे चालू आहे, आणि त्याची मर्यादा

घरातून शिकवणं चालतं. शेवटच्या सत्रात अडकलेल्या मुलींना मोबाइलवर धडे मिळतात, देशाबाहेर गेलेल्या अफगाण शिक्षिका ते घेतात. २९ सप्टेंबर २०२५ ला सरकारने देशभर इंटरनेट तोडलं तेव्हा दोन दिवस तेही थांबलं. शरीररचना, औषधांच्या मात्रा, आलेख वाचणं हे पडद्यावर नीट शिकता येतं. नाळ किती जोराने ओढायची, तोंड ६ सेंटिमीटर उघडलंय की ८, हे बोटांना शिकवावं लागतं, त्यासाठी बाळंतीण आणि शेजारी उभी असलेली जाणती सुईण लागते. परीक्षा आणि परवाना नसल्याने अशा मुलीला केंद्रात अधिकृत काम देता येत नाही. ती आपल्या वस्तीत बाळंतपणं करेल, तिच्याकडे ऑक्सिटोसिन नसेल. म्हणजे शिकूनही ती दाईच्या जागी जाऊन बसते, फरक इतकाच की धोका कधी ओळखायचा ते तिला माहीत असतं. हा फरक लहान नाही. कोष्टकातले बारा तास आणि तीन दिवस तोच वाचवतो. दोन तासांचं तिच्या हातात नसतं.

बाहेर जाऊन शिकण्याचा मार्ग कागदावर आहे. ऑगस्ट २०२४ मध्ये वैद्यकाच्या १९ विद्यार्थिनी स्कॉटलंडला पोचल्या. पुण्यात शिकणाऱ्या अफगाण मुलामुलींची मोठी वस्ती एकेकाळी होती. ऑगस्ट २०२१ मध्ये भारताने आधीचे व्हिसा रद्द केले तेव्हा घरी गेलेले बरेच जण तिकडेच अडकले. यातून काही मुलींचं आयुष्य मार्गी लागतं, लागावंच. राघला त्यातून सुईण मिळत नाही. परदेशात शिकून यावानमध्ये परतणारी बाई ही कल्पना मदत देणाऱ्यांच्या अहवालात शोभते.

पैसे हाताशी असलेल्याने सध्या कुठे लावावेत, असं विचारलं तर उत्तर दिखाऊ नाही. आहेत त्या परवानाधारक सुईणींचा पगार वेळेवर, आणि त्यांच्या महरमचाही. मिसोप्रोस्टॉल आठव्या महिन्यातच घरात पोचवणं, बर्फ पडायच्या आत हिवाळ्याचा पूर्ण साठा वर नेणं. सुईणीच्या औषधांसाठी वेगळा लहान सौरफ्रिज, लसींच्या भांडणात न पडणारा. परवाना असलेल्या परिचारिकांना बाळंतपणाचं वाढीव शिक्षण, कारण त्या आधीच नोकरीत असल्याने ‘विद्यार्थिनी’ ठरत नाहीत. ही फट किती दिवस उघडी राहील सांगता येत नाही, पण आज ती आहे.

आणि रजेचा प्रश्न, ज्याकडे कुणाचं लक्ष जात नाही. सामुदायिक सुईणी वयाने तरुण निवडल्या गेल्या, त्यांचीही बाळंतपणं होतात. पूर्वी त्या रजेवर गेल्या की फैजाबादहून नुकतीच पास झालेली मुलगी तीन महिने बदलीवर येत असे. ती मुलगी आता तयारच होत नाही. शेजारच्या केंद्रातली सुईण आपल्या महरमसह आठवड्यातले दोन दिवस येते, उरलेले पाच दिवस केंद्र बाळंतपणांसाठी बंद असतं, आणि त्या दोन दिवसांत तिचं स्वतःचं केंद्र बंद असतं.